एक प्लस, दोन घरं

प्लेस्टेशन प्लस, म्हणजे सोनीच्या प्लेस्टेशन कन्सोलवर ऑनलाइन खेळण्यासाठीचं सबस्क्रिप्शन, दोघांत वाटून घ्यायचं ठरलं की सगळ्यात आधी जीपे उघडलं जातं. निम्मे पैसे इकडून तिकडे जातात आणि आठवड्याभरात कुणाच्या तरी स्क्रीनवर गेमच्या चित्रावर कुलूप दिसायला लागतं. पैशांच्या आधी दोन गोष्टी ठरवायला हव्यात. सबस्क्रिप्शन कुणाच्या अकाउंटवर घ्यायचं, आणि शेअरिंग कुठल्या घरातल्या कन्सोलवर चालू ठेवायचं. या दोन प्रश्नांची उत्तरं बरोबर निघाली, तर एका प्लसवर दोन घरं वर्षानुवर्षं बिनतक्रार खेळतात.

समजायला सोपं जावं म्हणून दोन घरं धरू. दादा राहतो ठाण्यात, नौपाड्याला. धाकटा नोकरीमुळे नेरुळला. दोघांकडे एकेक पीएस५ (प्लेस्टेशन ५). प्लस दादाच्या अकाउंटवर. सख्ख्या भावांऐवजी मामेभाऊ, मेव्हणे किंवा शाळेपासूनचे मित्र असले तरी गणित हेच.

आधी एका घराचं बघू, कारण तिथेच फुकट पैसे जातात. बाबांचं अकाउंट वेगळं, मुलाचं वेगळं, आणि दोघांनाही ऑनलाइन खेळायचंय म्हणून दोन प्लस घेतलेली घरं आहेत. गरज नाही. ज्या पीएस५ वर प्लसवाल्याच्या अकाउंटचं शेअरिंग चालू आहे, त्या कन्सोलवरच्या प्रत्येक युजरला ऑनलाइन मल्टिप्लेअर मिळतं, आणि प्लसमधून उतरवलेले गेमही खेळता येतात. सेव्ह (खेळ कुठवर आला त्याची नोंद) आणि ट्रॉफी मात्र ज्याच्या त्याच्या. म्हणून मुलाला स्वतःच्या युजरमधूनच खेळू द्या. बाबांच्या युजरमध्ये शिरून खेळला, तर बाबांचा अर्धवट गेम एक दिवस भलत्याच ठिकाणी जाऊन पोचलेला असेल.

आणखी एक गैरसमज फॅमिली ग्रुपबद्दल आहे. प्लेस्टेशनचं फॅमिली मॅनेजमेंट मुलांसाठी आहे: वयाची मर्यादा, रोजचा खेळण्याचा वेळ, महिन्याचा खर्च, अनोळखी लोकांशी चॅट. फॅमिलीत नाव घातलं म्हणून प्लस वाटलं जात नाही. वाटणी होते ती फक्त कन्सोल शेअरिंगमधून. फॅमिलीत मुलाची वयोमर्यादा लावली असेल, तर शेअर झालेला मोठ्यांचा गेम त्याच्या युजरमधून उघडणार नाही. ते बिघडलेलं नसतं, मर्यादा आपलं काम करत असते.

आता दोन घरं. एका अकाउंटचं शेअरिंग एका वेळी एकाच पीएस५ वर चालू राहू शकतं. शिवाय जुना पीएस४ असेल तर त्यातल्या एकावर तेच अकाउंट प्रायमरी करता येतं, पीएस४ वर शेअरिंगचं नाव तेच. पण अकाउंटच्या मालकाला स्वतःचे हक्क मिळवायला शेअरिंग लागतच नाही. तो जिथे स्वतःच्या युजरने लॉगइन करून ऑनलाइन असेल, तिथे त्याचं प्लस आणि त्याचे गेम त्याच्याबरोबर येतात. सगळी युक्ती इथेच आहे. दादाच्या अकाउंटचं शेअरिंग नेरुळच्या कन्सोलवर चालू करायचं. दादा नौपाड्यात स्वतःच्या लॉगइनवर खेळतो, धाकटा नेरुळला स्वतःच्या युजरवर खेळतो, दोघेही एकाच वेळी ऑनलाइन, बहुतेक वेळा एकाच गेममध्ये एकमेकांबरोबरसुद्धा.

याची किंमत दादा मोजतो. शेअरिंग नसलेल्या कन्सोलवर डिजिटल गेम उघडताना लायसन्स, म्हणजे तो खेळायचा हक्क, सर्व्हरकडून तपासलं जातं. नेट नसेल तर कुलूप. ज्या कन्सोलवर शेअरिंग आहे, तिथे नेट नसतानाही एकट्याने खेळायचे गेम चालतात. त्या सेटिंगच्या नावातच ऑफलाइन प्ले हे शब्द आहेत, पण तिकडे कुणाचं लक्ष जात नाही.

त्यामुळे शेअरिंग कुठे ठेवायचं याचं माझं उत्तर ठाम आहे: ज्या घराचं नेट कच्चं, त्या घरात. घोडबंदर रोडवर रस्ता खोदला की ब्रॉडबँड जातं, पावसाळ्यात गच्चीवरची केबल भिजते, घणसोली-ऐरोलीत भाड्याच्या फ्लॅटमध्ये चौघांत एक वायफाय असतं. अशा घराला ऑफलाइन हक्क द्या. ज्याचं फायबर बरं चालतं, त्याने लॉगइनवर खेळावं. मग सबस्क्रिप्शन त्याच्या नावावर असायला हवं, हे ओघानेच आलं. म्हणजे वर विचारलेल्या दोन प्रश्नांचं उत्तर एकच निघतं: प्लस पक्क्या नेटवाल्याच्या अकाउंटवर, शेअरिंग कच्च्या नेटवाल्याच्या कन्सोलवर.

पक्कं नेटही कधी जातंच. तेवढ्यापुरता मोबाइलचा हॉटस्पॉट चालतो. लायसन्स तपासायला डेटा अगदी थोडा लागतो. फक्त हॉटस्पॉट लावायच्या आधी डाउनलोड आणि अपडेट थांबवा, नाहीतर मागे चालू असलेला एखादा मोठा अपडेट दिवसाचा सगळा डेटा दहा मिनिटांत संपवेल.

करायचं कसं ते सांगतो. ही कामं दादाने स्वतः नेरुळला जाऊन करावीत. ठाण्याहून नेरुळची थेट ट्रान्स-हार्बर लोकल आहे, रविवारची एक दुपार पुरते. फोनवरून पासवर्ड सांगून काम उरकू नका. एक तर पासवर्ड दुसऱ्याला देणं सोनीच्या नियमात बसत नाही, आणि दुसरं म्हणजे तो पासवर्ड पुढे कुठे लिहिला जाईल, कुणाला दिसेल, यावर तुमचा काही ताबा राहत नाही.

निघण्यापूर्वी नौपाड्याच्या कन्सोलवर शेअरिंग बंद करायचं. सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अदर, कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले, तिथे डिसेबल. हे आधी का? पीएस५ वर पहिल्यांदा लॉगइन केलं की शेअरिंग आपोआप चालू होतं. दादाने ते कधी हाताने चालू केलेलं नसतं, म्हणून ते चालू आहे हेच त्याच्या लक्षात नसतं. नेरुळला पोचल्यावर धाकट्याच्या पीएस५ वर ॲड युजर करून दादाचं अकाउंट टाकायचं. टू-स्टेप व्हेरिफिकेशनचा कोड फोनवर येईल, तो घालायचा. मग त्याच सेटिंगमध्ये जाऊन एनेबल. त्यानंतर दादाच्या युजरमधूनच गेम लायब्ररी उघडून हवे ते गेम डाउनलोडला लावायचे आणि धाकट्याच्या युजरवर परत यायचं. गेम उतरला की धाकट्याच्या होम स्क्रीनवर तो दिसतो, कुलूप नसतं.

डाउनलोडच्या वेळेचा हिशेब आधीच करा. १०० जीबीचा गेम १०० एमबीपीएसच्या लाइनवर पूर्ण वेग मिळाला तर सव्वादोन तासांत येतो. वायफायवर, संध्याकाळच्या गर्दीच्या वेळी, चार तास धरून चाला. राउटर जवळ असेल तर दीडशे-दोनशे रुपयांची लॅन केबल लावा, कन्सोलसाठी त्याहून स्वस्त सुधारणा दुसरी नाही.

दादा घरी परतण्यापूर्वी नेरुळच्या कन्सोलवर दोन गोष्टी उरकून टाकायच्या. दादाच्या युजरला लॉगइन पासकोड लावायचा, चार आकडी असतो, युजर्स अँड अकाउंट्समध्ये लॉगइन सेटिंग्जखाली. आणि खरेदीच्या वेळी पासवर्ड मागण्याचं सेटिंग चालू करायचं. दादाचं कार्ड किंवा वॉलेटमधले पैसे त्या युजरला जोडलेले आहेत, आणि धाकट्याच्या घरी येणाऱ्या मित्रांच्या हातातही तोच कंट्रोलर असतो. धाकट्यावर अविश्वास दाखवायचा प्रश्न नाही. दाराला कडी लावतो तशीच ही कडी.

यापुढे काय वाटलं जातं आणि काय नाही, हे नीट कळलं पाहिजे. ऑनलाइन मल्टिप्लेअर वाटलं जातं. प्लसवर दर महिन्याला येणारे गेम वाटले जातात, एक्स्ट्रा हा वरचा प्लॅन घेतला असेल तर त्याच्या कॅटलॉगमधले गेमही, आणि दादाने विकत घेतलेले डिजिटल गेम त्यांच्या डीएलसीसह, म्हणजे वेगळ्या मिळणाऱ्या जादा भागांसह. गेममधलं विकतचं चलन, नाणी, पॉइंट ज्या अकाउंटवर घेतले तिथेच राहतात. स्टोअरवरची प्लसची सवलत दादालाच मिळते. डिस्कच्या गेमला यातलं काहीच लागू नाही, ती कन्सोलमध्ये घालावीच लागते. पण डिस्क हातोहात फिरवता येते, आणि ऑनलाइन खेळायला लागणारं प्लस दोन्हीकडे असल्यामुळे डिस्क ज्याच्याकडे असेल तो खेळतो. दोन्ही कन्सोल डिस्क ड्राइव्हवाले असतील तर मोठे गेम डिस्कवर घ्यावेत असं मला वाटतं. खेळून झाल्यावर विकताही येतात.

क्लाउड सेव्ह, म्हणजे सोनीच्या सर्व्हरवर सेव्ह ठेवण्याची सोय, तीसुद्धा वाटली जात नाही, आणि याच्याइतकं दुर्लक्ष दुसऱ्या कशाकडे होत नाही. दादाचे सेव्ह प्लसमुळे आपोआप वर चढत राहतात. धाकटा प्लस वापरतो, पण त्याच्या अकाउंटवर प्लस नाही, त्यामुळे त्याचे सेव्ह फक्त त्याच्या कन्सोलवर आहेत. शिवाय पीएस५ च्या गेमचे सेव्ह पेनड्राइव्हवर वेगळे कॉपी करता येत नाहीत. ती सोय पीएस४ च्या गेमपुरतीच आहे. म्हणजे नेरुळचा कन्सोल एखाद्या पावसाळी रात्री व्होल्टेजच्या झटक्याने गेला, तर १२० तासांचा खेळ त्याच्याबरोबर गेला.

उपाय दोन. पहिला, सगळ्या कन्सोलचा बॅकअप. सेटिंग्ज, सिस्टम, सिस्टम सॉफ्टवेअर, बॅक अप अँड रिस्टोअर. एक्सफॅट फॉरमॅटची यूएसबी हार्डडिस्क लागते. बॅकअप घेताना गेम आणि ॲपवरची खूण काढून फक्त सेव्ह डेटा आणि सेटिंग्ज ठेवा, नाहीतर शेकडो जीबीची तयारी ठेवावी लागेल. गेम पुन्हा डाउनलोड होतात, गेलेले सेव्ह परत येत नाहीत. दुसरा उपाय, कन्सोल बदलायचा किंवा दुरुस्तीला द्यायचा असेल तेव्हा धाकट्याने स्वतःच्या अकाउंटवर एक महिन्याचं इसेन्शियल, म्हणजे प्लसचा सगळ्यात खालचा प्लॅन, घ्यावं आणि सगळे सेव्ह क्लाउडवर चढवावेत. पहिला उपाय महिन्यातून एकदा करायची सवय लागली तर दुसऱ्याची वेळ सहसा येत नाही.

आता पैसे. इथे भिशीसारखी पाळी लावायचा मोह होतो: यंदा दादाच्या अकाउंटवर, पुढच्या वर्षी धाकट्याच्या. वाटणी म्हणून अगदी न्याय्य वाटतं. करू नका. दर महिन्याला, साधारण पहिल्या मंगळवारी, प्लसवर नवे गेम येतात, आणि ते ॲड टू लायब्ररी करून घेतले की त्या अकाउंटवर बसतात. प्लस चालू असेपर्यंत ते खेळता येतात. मधे प्लस संपलं तर कुलूप लागतं, पुन्हा घेतलं की कुलूप निघतं. तीन वर्षं एकाच अकाउंटवर प्लस चाललं, तर तिथे शंभराच्या आसपास गेम साठलेले असतात. पाळी बदलली की धाकट्याचं अकाउंट रिकाम्या कपाटापासून सुरुवात करतं, आणि दादाचं भरलेलं कपाट वर्षभर बंद. म्हणून अकाउंट एकदा ठरवलं की तेच कायम. फिरवायचे असतील तर पैसे फिरवा, यंदा एकाने पूर्ण भरावेत, पुढच्या वर्षी दुसऱ्याने.

महिन्याचे गेम दादानेच घ्यायचे असतात, धाकट्याला शेअरिंगमधून ते लायब्ररीत टाकता येत नाहीत. कन्सोल चालू करायचीही गरज नाही, फोनवरच्या प्लेस्टेशन ॲपमधून दोन मिनिटांत होतं. दादाला आवडो न आवडो, महिन्याचे सगळे गेम त्याने घ्यायचे. धाकट्याने महिन्याच्या पहिल्या आठवड्यात एक आठवणीचा मेसेज टाकायचा. एवढा करार पुरतो.

निम्म्या-निम्म्या वाटणीबद्दल माझं मत थोडं वेगळं आहे. समजा वर्षाचे ४,००० रुपये होतात. क्लाउड सेव्ह, सवलत आणि साठलेली लायब्ररी हे सगळं दादाकडे राहतं. उद्या वाट वेगळी झाली तर धाकट्याच्या हातात त्यातलं काही उरत नाही. म्हणून दादाने २,५०० आणि धाकट्याने १,५०० ही वाटणी जास्त रास्त.

रिन्यूअलला कार्डावर भिस्त ठेवू नका. १ ऑक्टोबर २०२१ पासून रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार कार्डावरून दर वेळी आपोआप कापल्या जाणाऱ्या पैशांसाठी आधी मँडेट, म्हणजे तशी परवानगी, नोंदवावं लागतं, आणि कापण्याच्या किमान २४ तास आधी बँकेकडून सूचना यावी लागते. मँडेट नसेल किंवा कार्ड बदललं असेल तर रिन्यूअल अडकतं, आणि नेरुळला धाकट्याची ऑनलाइन मॅच शनिवारी रात्री बंद पडते. ऑटो-रिन्यू बंद ठेवा, १२ महिन्यांचं एकदम घ्या, संपण्याची तारीख दोघांच्या फोनच्या कॅलेंडरमध्ये टाका. वॉलेट भरायचं तर भारतीय अकाउंटला रुपयांचंच गिफ्ट कार्ड लागतं. अमेरिकेतल्या आत्याने पाठवलेलं डॉलरचं कार्ड चालत नाही, आणि अकाउंट बनवताना निवडलेला देश नंतर बदलता येत नाही.

प्लॅन कुठला? भारतात इसेन्शियल, एक्स्ट्रा आणि डिलक्स असे तीन आहेत. ऑनलाइन खेळायला तिघांपैकी कुठलाही चालतो. दोन्ही घरांना वर्षात सहा-सात मोठे गेम खेळायला वेळ मिळत असेल तर एक्स्ट्रा परवडतं, नाहीतर इसेन्शियल. वर चढताना एक हिशेब लक्षात ठेवा: इसेन्शियलची दोन वर्षं आधीच भरून ठेवली असतील आणि मधेच एक्स्ट्रा घेतलं, तर उरलेल्या सगळ्या काळाचा फरक एकदम भरावा लागतो. एका महिन्यापुरतं वर जाता येत नाही. आणि धाकटा फक्त फोर्टनाइटसारखे मोफत गेम खेळत असेल, तर त्यांना प्लेस्टेशनवर ऑनलाइन खेळायला प्लस लागतच नाही. त्याच्याकडून वर्गणी घेऊ नका.

कुलूप दिसलं तर घाबरून गेम डिलीट करू नका. धाकट्याच्या कन्सोलवर कुलूप आलं, की पहिल्यांदा दादाचं प्लस संपलंय का बघा. नसेल संपलं, तर दादाने दुसरीकडे कुठे शेअरिंग चालू केलंय का विचारा. सर्व्हिस सेंटरने कन्सोल बदलून दिला असेल, तर नव्या यंत्रावर शेअरिंग पुन्हा चालू करावं लागतं. हे सगळं ठीक असेल तर दादाच्या युजरमधून सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अदर, रिस्टोअर लायसन्सेस. दादाच्या युजरमधूनच, कारण लायसन्स त्याची आहेत. दादाच्या बाजूला कुलूप आलं तर नव्वद टक्के वेळा नेट हेच कारण. कॅटलॉगमधला एकच गेम बंद पडला असेल, तर तो कॅटलॉगमधून निघून गेला असण्याची शक्यता आहे. ते होतच असतं.

पार्टी चॅटमध्ये एकमेकांचा आवाज येत नाही, याचं खापरही शेअरिंगवर फोडलं जातं. त्याचा संबंध नेटशी. केबलवाल्याचं ब्रॉडबँड बहुधा एकच सार्वजनिक आयपी (इंटरनेटवरचा पत्ता) बऱ्याच ग्राहकांत वाटून देतं, आणि मग कन्सोलला बऱ्याचदा नॅट टाइप ३ मिळतो, म्हणजे दुसऱ्या कन्सोलशी थेट जोडणी अडते. नेटवर्कच्या कनेक्शन टेस्टमध्ये तो दिसतो. राउटरवर यूपीएनपी, म्हणजे लागणारे पोर्ट आपोआप उघडणारं सेटिंग, चालू करून बघा. तरी ३ च राहिला तर पोर्ट उघडण्यात संध्याकाळ घालवू नका, अडथळा तुमच्या राउटरच्या पलीकडे आहे. केबलवाल्याकडे पब्लिक आयपी मागा, काहीजण थोडे जास्त पैसे घेऊन देतात.

एक्सबॉक्सचं तत्त्व हेच, नाव होम एक्सबॉक्स. सेटिंग्ज, जनरल, पर्सनलायझेशन, माय होम एक्सबॉक्स. गेम पास हे एक्सबॉक्सचं सबस्क्रिप्शन; ते ज्याच्याकडे आहे त्याने धाकट्याच्या यंत्राला होम करायचं आणि स्वतः लॉगइनवर खेळायचं. होम वर्षातून पाच वेळाच बदलता येतं, म्हणून घर बदलताना किंवा प्रयोग म्हणून उगाच फिरवू नका. पीसीवरचा गेम पास असा वाटता येत नाही. गेम पासचा पाच जणांचा फ्रेंड्स अँड फॅमिली प्लॅन भारतात का दिसत नाही, असं बरेचजण विचारतात. २०२२ मध्ये तो कोलंबिया आणि आयर्लंडमध्ये चाचणी म्हणून सुरू झाला, नंतर आणखी काही देशांत गेला, त्यांत भारत नव्हता.

वाटून घेण्यासाठीच बनवलेलं सबस्क्रिप्शन खरं निन्टेन्डोचं आहे. स्विच ऑनलाइनच्या फॅमिली मेंबरशिपमध्ये आठ अकाउंट बसतात, प्रत्येकाचा कन्सोल वेगळा असला तरी चालतं, क्लाउड सेव्हही प्रत्येकाला मिळतं. शेअरिंगच्या बटणाची भानगडच नाही. अडचण एवढीच की भारतासाठी निन्टेन्डोचा ई-शॉप, म्हणजे ऑनलाइन दुकान, नाही, दुसऱ्या देशाच्या ई-शॉपचं कार्ड घेऊन काम चालवावं लागतं.

राहिला कन्सोल विकण्याचा दिवस. धाकट्याने नेरुळचा पीएस५ विकायला काढला, तर ग्राहक घरी येण्याआधी दादाच्या युजरमधून शेअरिंग बंद करायचं, मग दोन्ही युजर काढायचे, मग फॅक्टरी रिसेट. हा क्रम चुकला आणि कन्सोल हातचा गेला, तर दादाला प्लेस्टेशनच्या वेबसाइटवरून अकाउंट मॅनेजमेंटमध्ये जाऊन लांबून डीॲक्टिव्हेट करावं लागतं. पण ती सोय सहा महिन्यांतून एकदाच मिळते. ती आधीच वापरलेली असेल, तर नवीन कन्सोल घरात येऊनही धाकट्याला उरलेले महिने थांबावं लागू शकतं.